आत्मोपहासाचा परवाना

जो स्वतःला हसतो त्याला दुसऱ्याला हसण्याचा अधिकार आपोआप मिळतो, अशी एक समजूत सुशिक्षित समाजांत फार दिवसांपासून रूढ आहे. तिला कोणी सिद्धांताचें रूप दिलेलें नाहीं. परंतु व्यवहारांत आपण सर्व तिच्याच आधारें वागत असतों. सभेंत एखादा वक्ता आरंभींच स्वतःच्या टकलावर एक विनोद करून घेतो, आणि मग तास-दीड तास प्रतिपक्षाची यथेच्छ हजामत करूं लागला तरी श्रोत्यांना तो निगर्वी व खेळकरच वाटतो. ही समजूत लेखी विनोदापुरती बऱ्याच अंशीं निरुपद्रवी आहे. पण आजकाल ती अशा एका कलाप्रकाराच्या आश्रयास गेली आहे कीं, जेथें तिच्यापायीं खऱ्याखुऱ्या, हिंडत्याफिरत्या माणसांची अब्रू खर्चीं पडते. म्हणून तिचा एकदां नीट समाचार घेणें प्राप्त आहे.

हा कलाप्रकार म्हणजे आत्मोपहासात्मक विनोदी माहितीपट. एक मनुष्य, एक कॅमेरा, आणि इंटरनेटवर चित्रपट प्रसिद्ध करण्याची सोय, एवढेंच त्याचें भांडवल. भांडवलदार निर्माता नाहीं, नट नाहींत, रंगपट नाहीं. विषय म्हणाल तर बहुधा अगदीं क्षुल्लक. चित्रपट काढणारा स्वतःच त्याचा नायक असतो. परंतु हा नायक पराक्रमी नसून गोंधळलेला, लाजाळू, पदोपदीं फजीत पावणारा असा असतो. आपली फजिती तो आपल्याच तोंडानें सांगतो, आणि सांगतां सांगतां रस्त्यांत, दुकानांत, संमेलनांत भेटणारीं माणसें आपल्याला दाखवीत जातो. आपण हसतों. प्रश्न इतकाच कीं, आपण हसतों तें कोणाला?

या प्रकारांतील अलीकडचा सर्वांत गुणी कारागीर म्हणून न्यूयॉर्कच्या जॉन विल्सनचें नांव घ्यावें लागेल, आणि आमचा वाद त्याच्याच उदाहरणानें मांडणें न्याय्य होईल; कारण हिणकस नमुन्यावर तुटून पडून मिळविलेला विजय हा विजयच नव्हे. बिंगॅम्टन येथील विद्यापीठांत चित्रपटकलेचें शिक्षण घेतल्यावर हा गृहस्थ कांहीं काळ एका खाजगी गुप्तहेराच्या कचेरींत नोकरीस होता. पाळतीवरील माणसांचें तासन् तास झालेलें चित्रण डोळ्यांखालून घालावयाचें, आणि त्यांतून उपयोगाचे तुकडे वेगळे काढावयाचे, हें त्याचें काम. पुढें त्यानें स्वतः काढलेले लहान लहान पट ‘व्हिमिओ’ या संकेतस्थळावर ठेवण्यास प्रारंभ केला. ढेकणांबरोबर संसार कसा करावा, हा त्यांतल्या एकाचा विषय. हळूहळू त्याचा बोलबाला झाला, आणि २०२० च्या ऑक्टोबरांत एच. बी. ओ. या बड्या दूरचित्रवाणी-संस्थेनें त्याची मालिका सुरू केली. नेथन फील्डर हा प्रसिद्ध विनोदकार तिच्या निर्मात्यांपैकीं एक होता. २०२३ च्या सप्टेंबरांत ही मालिका संपली तोंपर्यंत तिचे तीन खंड मिळून १८ भाग झाले होते. साऱ्यांचीं शीर्षकें ‘अमुक कसें करावें’ या थाटाचीं: अनोळखी माणसाशीं चार गोष्टी कशा बोलाव्या, परांची कशी बांधावी, हॉटेलांतील बिल कसें वाटून घ्यावें, जुन्या बॅटऱ्या कशा टाकून द्याव्या.

हा प्रकार मराठी वाचकास सर्वस्वी परका वाटण्याचें कारण नाहीं. फडके, खांडेकर, काणेकर यांनीं आपल्याकडे जो लघुनिबंध रुजविला, त्याच्या घराण्यांतलाच हा एक दूरचा आप्त आहे. तीच क्षुल्लक विषयापासून केलेली सुरुवात, तोच वाटेंत रमतगमत जाण्याचा स्वभाव, तेंच सर्वत्र व्यापून राहिलेलें ‘मी’पण. विल्सनच्या परांचीचेंच उदाहरण पाहा. न्यूयॉर्कच्या पदपथांवर जिकडे तिकडे लाकडी छतें व लोखंडी खांब उभे असतात. हें काय प्रकरण आहे म्हणून तो चौकशी करूं लागतो, आणि ती चौकशी १९७९ सालीं इमारतीचा ढांसळलेला तुकडा अंगावर पडून मरण पावलेल्या एका महाविद्यालयीन विद्यार्थिनीपर्यंत जाऊन पोंचते. त्या अपघातानंतर १९८० सालीं सहा मजल्यांहून उंच इमारतींच्या दर्शनी भागांची ठराविक मुदतीनें तपासणी करण्याचा कायदा झाला. पण दुरुस्तीपेक्षां छत तसेंच उभें ठेवणें स्वस्त पडत असल्यामुळें तात्पुरती म्हणून आलेली परांची वर्षानुवर्षें मुक्काम ठोकून राहिली. ज्या वस्तूखालून लाखों लोक रोज मुकाट्यानें जातात, तिच्या पोटीं एक मृत्यु, एक कायदा आणि एक हिशेब दडलेला आहे, हें दाखविणें कोणत्याहि निबंधकारास भूषणावह आहे.

मग भांडण कशाबद्दल? भांडण आहे तें या पटांच्या चाहत्यांनीं त्यांना दिलेल्या प्रशस्तिपत्राबद्दल. ते म्हणतात, “पाहा, हा मनुष्य किती नम्र आहे! तो बोलतांना अडखळतो, चुकतो, स्वतःला नालायक म्हणवून घेतो. त्यानें इतरांची विचित्र रूपें दाखविलीं तर त्यांत दुष्टावा कसला? तो स्वतःलाहि त्याच पंगतीला बसवितो आहे.” आमचें म्हणणें असें कीं, हीच गोष्ट तपासून पाहिली पाहिजे. तो खरोखर त्याच पंगतीला बसतो काय?

साहित्यांतील आत्मोपहास आणि कॅमेऱ्याचा आत्मोपहास यांत एक मूलगामी भेद आहे, व तो लक्षांत न घेतल्यामुळेंच हा सारा घोटाळा होतो. चिं. वि. जोशी यांचा चिमणराव आपली फटफजिती सांगतो तेव्हां त्याच्याबरोबर गुंड्याभाऊहि फजीत पावतो. पण गुंड्याभाऊ कोठल्याहि पेठेंत बिऱ्हाड करून राहत नाहीं. उद्यां तो आपल्या कर्त्याच्या दारीं येऊन “माझी अशी थट्टा कां मांडलीत?” असें विचारणार नाहीं, त्याच्या मुलांना शाळेंत कोणी चिडविणार नाहीं. कागदावरील पात्राला अब्रू असते ती गोष्टीपुरती. माहितीपटांतील माणसाला मात्र पत्ता असतो, शेजारी असतात, नोकरी असते, म्हातारपण असतें. पट संपल्यावर आपण दिवा लावून जेवावयास उठतों. तो मनुष्य त्या पटांत कायमचा राहतो. आणि इंटरनेटवर एकदां गेलेली वस्तु पुरतेपणीं परत आणतां येत नाहीं, हें आतां पोरासोरांनाहि ठाऊक आहे.

आतां पंगतीचा प्रश्न. विल्सनच्या पटांतील सर्वांत ठळक गोष्ट कोणती असेल, तर तो स्वतः बहुतेक दिसतच नाहीं. क्वचित् एखाद्या आरशांत ओझरता दिसला तर दिसला. एरवीं तो कॅमेऱ्याच्या मागें असतो, आणि ऐकूं येतो तो त्याचा अडखळता, अपराधी आवाज. म्हणजे उपहासाची वांटणी अशी झाली कीं, निवेदकाच्या वांट्याला शब्द आणि इतरांच्या वांट्याला देह. तो म्हणतो, “आपण कधीं कधीं फार बावळट दिसतों”. आणि हें वाक्य कानीं पडत असतांना पडद्यावर बावळट दिसत असतो तो पदपथावरून जाणारा कोणी एक अनोळखी मनुष्य. ‘आपण’ हें सर्वनाम निवेदकाचें. बावळटपणा मात्र त्या बिचाऱ्याचा. शब्द आणि चित्र यांच्या अशा श्लेषावरच या पटांतील निम्मा विनोद उभा आहे. श्लेष चतुर असतात हें आम्ही नाकारीत नाहीं. पण आत्मोपहास ज्याला म्हणावयाचा त्यांत हसणाराचें तोंड दिसावयास नको काय? स्वतःला चोरून ठेवून केलेला आत्मोपहास म्हणजे दुसऱ्याच्या ताटांतील घांस उचलून सोडलेला उपास होय.

यावर कायद्याचा दाखला पुढें करण्यांत येतो. अमेरिकेंत सार्वजनिक रस्त्यावर जें उघड दिसतें त्याचें चित्रण करण्यास सामान्यतः कोणाची परवानगी लागत नाहीं. न्यूयॉर्कमध्येंच फिलिप-लोर्का डिकॉर्सिया या छायाचित्रकारानें टाइम्स स्क्वेअरच्या गर्दींतून जाणाऱ्या लोकांचे चेहरे त्यांच्या नकळत टिपले, आणि त्यांचें प्रदर्शन भरवून चित्रें विक्रीस ठेवलीं. त्यांतील एका वृद्ध सनातनी ज्यू गृहस्थानें, हें आपल्या धर्मश्रद्धेच्या विरुद्ध आहे असें सांगून, फिर्याद लावली. २००६ सालीं न्यायालयानें, ही कला आहे व कलेला ही मुभा आहे, असा निर्णय देऊन ती फेटाळली. २००७ सालीं वरिष्ठ न्यायालयांत मुदतीच्या मुद्द्यावर तोच निकाल कायम झाला. कलावंताच्या स्वातंत्र्याच्या दृष्टीनें हा निकाल योग्यहि असेल, आणि रस्त्यावरील चित्रण सरकारनें बंद करावें असें आम्ही कदापि म्हणणार नाहीं. परंतु कायदा ज्याची शिक्षा करीत नाहीं तें सारें सभ्य आहे, असा अर्थ कोणत्या शास्त्रांत आहे? कायदा म्हणजे सभ्यतेचा तळ; कलेनें त्या तळावरच मुक्काम करावा, हा आग्रह कां?

“पण मुलाखत देणारीं माणसें तर राजीखुषीनें बोलतात!” हाहि एक आक्षेप येईल. बोलतात खरीं. फर्निचर कसें झाकावें या भागांत, मांजरानें ओरबाडलेल्या कोचापासून निघालेला विल्सन शेवटीं एका गृहस्थाच्या स्वतःच्या शरीराविषयींच्या अत्यंत खाजगी खटपटीपर्यंत जाऊन पोंचतो, आणि तो गृहस्थ आपलें साधन कॅमेऱ्यासमोर निःसंकोचपणें वापरून दाखवितो. त्याची संमति होती, यांत शंका नाहीं. पण संमति दिली जाते ती चित्रणाला. चित्राचा अर्थ ठरतो तो मागाहून, संकलनाच्या टेबलावर. तेथें त्याच्या बोलण्याच्या आधीं काय ठेवावें, नंतर काय जोडावें, त्याचें वाक्य कोठें तोडावें, याचा निर्णय एकटा दिग्दर्शक करतो. त्या गृहस्थाला वाटलें असेल कीं, आपण एका गंभीर शारीरिक दुःखाविषयीं जगाला सांगतों आहोंत. प्रेक्षकापुढें तें आलें मांजराच्या आणि कोचाच्या विनोदाचा कळस म्हणून. असल्या प्रसंगीं संमतिपत्रावरील सही दाखवून समाधान मानणें म्हणजे सावकारानें अंगठ्याचा ठसा दाखविण्यासारखेंच आहे.

हा रोग विल्सनपासून सुरू झालेला नाहीं. १९८९ सालीं मायकेल मूर यानें ‘रॉजर अँड मी’ हा पट काढला. जनरल मोटर्सनें कारखाने बंद केल्यामुळें त्याचें जन्मगांव फ्लिंट कसें उजाड झालें, हा त्याचा विषय. आणि त्या कंपनीचा अध्यक्ष रॉजर स्मिथ याला गांठण्यासाठीं धडपडणारा, दारोदार हाकलला जाणारा, ढगळ कपड्यांतला मूर हा त्याचा नायक. हेतु उदात्त, लक्ष्य बलाढ्य. तरीहि त्या पटांतील कोणतें दृश्य लोकांच्या लक्षांत राहिलें? सशांची विक्री करून पोट भरणाऱ्या एका गरीब बाईचें. ससा पाळण्यासाठीं हवा कीं खाण्यासाठीं, असें विचारणारी ती बाई कॅमेऱ्यासमोरच एक ससा मारून सोलते, आणि शहरोशहरींचीं चित्रपटगृहें हशा आणि शहारे यांनीं भरून जातात. पॉलिन केल या नामांकित समीक्षिकेनें त्या वेळींच असा आरोप केला कीं, हा पट गरिबांची बाजू घेण्याच्या बहाण्यानें प्रेक्षकाला गरिबांनाच हसावयास लावतो. हार्लन जेकबसन या दुसऱ्या समीक्षकानें, पटांतील घटनांचा कालक्रम फिरविलेला आहे, हें त्याच सुमारास दाखवून दिलें. तरी मूरच्या गबाळ्या वेषानें त्याचें रक्षण केलें. इतका साधा मनुष्य आपल्याला फसवील कसा, असेंच लोकांना वाटलें!

स्वतःला बळी म्हणून पुढें करण्याची ही युक्ति किती फसवी असूं शकते, याचें याहून बोलकें उदाहरण मॉर्गन स्पर्लॉकचें. २००४ च्या ‘सुपर साइझ मी’ या पटांत त्यानें तीस दिवस केवळ मॅक्डोनल्डचेंच अन्न खाऊन आपल्या देहाची झालेली दुर्दशा मोठ्या विनोदानें दाखविली. त्यानें आपलें वजन दाखविलें, ओकारी दाखविली, डॉक्टरांचे चिंताग्रस्त चेहरे दाखविले. एवढा उघडावाघडा झालेला मनुष्य आणखी काय लपवणार? पण २०१७ च्या डिसेंबरांत स्वतःच प्रसिद्ध केलेल्या निवेदनांत त्यानें आपल्या दीर्घकाळच्या मद्यासक्तीची कबुली दिली, आणि त्या तीस दिवसांच्या वैद्यकीय निष्कर्षांवर मोठेंच प्रश्नचिन्ह उभें राहिलें. आज तो हयात नाहीं, आणि मृताच्या दुबळेपणावर बोट ठेवण्याची आम्हांला हौस नाहीं. परंतु प्रेक्षकानें यापासून एक धडा घ्यावयास हरकत नाहीं. स्वतःविषयीं पुष्कळ सांगणारा मनुष्य स्वतःविषयीं खरेंच सांगत असतो, असें नाहीं.

तर मग हा प्रकार मुळांतच त्याज्य ठरतो काय? नाहीं. तो निर्दोषपणें हाताळतां येतो, याची साक्ष त्याच्याच इतिहासांत आहे. रॉस मॅकएल्वी या दिग्दर्शकाचा ‘शर्मन्स मार्च’ हा १९८६ चा पट घ्या. अमेरिकेच्या यादवी युद्धांतील सेनापति शर्मन याच्या स्वारीवर माहितीपट काढावयास हा गृहस्थ निघाला. इतक्यांत त्याची प्रेयसी त्याला सोडून गेली, आणि सेनापति बाजूला राहून दक्षिणेंत भेटलेल्या स्त्रियांचें व स्वतःच्या एकाकीपणाचेंच चित्रण त्यानें करून आणलें. वरवर पाहतां याहून आत्मकेंद्रित उद्योग दुसरा नसेल. पण त्यांतील स्त्रिया त्याला प्रत्युत्तर देतात. त्याची एक जुनी शिक्षिका-मैत्रीण तर चिडून त्याला कॅमेरा खालीं ठेवावयास सांगते. हें आयुष्य आहे, कला नव्हे, असें सुनावते. आणि हा फटकारा त्यानें पटांतून गाळलेला नाहीं. पडद्यावरील माणसाला दिग्दर्शकावर हसण्याची, रागावण्याची, त्याला गप्प बसविण्याची मोकळीक जेथें आहे, तेथें पंगत खरोखरीच एक झाली असें आम्ही समजतों.

विल्सनच्याहि उत्कृष्ट प्रसंगीं हेंच घडतें. चार गोष्टी कशा बोलाव्या या पहिल्याच भागांत तो मेक्सिकोंतील कॅनकून येथें सुटीस जातो, आणि मद्यधुंद तरुणांच्या धांगडधिंग्यांत सांपडतो. तेथें भेटलेला एक तरुण प्रथम निव्वळ थिल्लर वाटतो. आपण त्याला हसण्याच्या तयारींतच असतों. पण बोलतां बोलतां त्यानें नुकत्याच गमावलेल्या मित्राचें दुःख बाहेर पडतें, आणि आपलें हसूं ओठांवरच थिजतें. तो तरुण दोन घटकांपूर्वीं होता त्याहून मोठा झालेला असतो. पहिल्या खंडाच्या शेवटीं विल्सन आपल्या वयस्क घरमालकिणीसाठीं रिझोटो हा इटालियन भात शिजवावयास शिकतो. ही बाई त्याला जेवूं घालणारी, त्याचे कपडे धुणारी, त्याच्याबरोबर दूरचित्रवाणीवरील प्रश्नमंजूषा पाहणारी. आणि भात जमण्याच्या सुमारासच २०२० च्या मार्चमधील महामारीनें न्यूयॉर्कचीं दारें बंद होऊं लागतात. येथें त्या बाईला कोणी हसत नाहीं. हसूं येतें तें आईसारखें करणाऱ्या बाईचे उपकार एका वाटीभर भातानें फेडूं पाहणाऱ्या त्या बावळट भाडेकऱ्याचें. आणि तें हसूं डोळ्यांत पाणी आणतें. पुढें २०२१ मधील एका भागांत तो आपल्या महाविद्यालयीन दिवसांचें जुनें चित्रण बाहेर काढतो: वाद्यांवांचून गाणाऱ्या आपल्या मंडळींबरोबर तो ज्या मेळाव्यास गेला होता, तो नेक्झियम या कुप्रसिद्ध पंथाच्या प्रमुखाच्या आश्रयानें भरलेला होता. या पुढाऱ्याला २०२० सालीं १२० वर्षांची शिक्षा झाली. असली आठवण कोणी हौसेनें चव्हाट्यावर मांडीत नाहीं. येथें दिग्दर्शकाला कांहीं किंमत मोजावी लागते.

आमच्या मतें कसोटी हीच. आत्मोपहास हा परवाना नसून तो जामीन आहे. दुसऱ्याची अब्रू हातीं घेतांना आपलीहि कांहीं अब्रू तारण ठेवावी लागते, आणि तें तारण खरें असावें लागतें. “मी किती आळशी, मी किती भित्रा, मला मुलींशीं बोलतां येत नाहीं” हें तारण खोट्या नाण्याचें आहे. कारण असले दोष कबूल केल्यानें मनुष्याची किंमत कमी होण्याऐवजीं वाढते. हे दोष म्हणजे सज्जनपणाचे अलंकारच. ज्या गोष्टी सांगितल्यानें चाहते दूर जातील, अशी एखादी तरी गोष्ट सांगितल्यावांचून कोणी स्वतःला आत्मोपहासक म्हणवूं नये. आणि दुसरी गोष्ट: पट संपतांना त्यांतील परका मनुष्य आरंभीं होता त्याहून लहान झाला आहे कीं मोठा, हें पाहावें. लहान झाला असेल, तर दिग्दर्शकानें स्वतःला हजार शिव्या दिल्या असल्या तरी तो पट उर्मटच होय.

“असें सोंवळें पाळूं गेल्यास विनोदच मरेल,” अशी हाकाटी होईल. होऊं द्या. कोल्हटकरांनीं सुदाम्याकरवीं आणि गडकऱ्यांनीं बाळकरामाकरवीं अख्ख्या समाजाला सळो कीं पळो करून सोडलें, आणि तरीहि मराठी विनोद मेला नाहीं; त्यांच्या काठीचा मार रूढींच्या पाठीवर बसत होता. सत्ताधीशाला, धनिकाला, ढोंग्याला कॅमेऱ्यानें खुशाल फजीत करावें. त्याच्यापाशीं उत्तर देण्याचीं हजार साधनें आहेत. आमची तक्रार आहे ती बिनउत्तराच्या माणसाविषयीं. ज्याला आपली बाजू मांडावयास दुसरा पट काढतां येत नाहीं, त्याचा एकुलता एक पट तरी आपण न्यायानें काढावा, एवढीच अपेक्षा.

दुसरा एक युक्तिवाद स्वतंत्रतेचा. “हा एकटा, बिनभांडवली कलावंत; त्याला बड्या संस्थांचे नियम लावणें अन्याय आहे.” आम्ही नेमकें उलट म्हणतों. मासिकाला संपादक असतो, नाटकाला तालीम मास्तर असतो, बड्या निर्मात्याला निदान वकील तरी असतो. कोणी ना कोणी हात धरून “एवढें वाक्य काढा” म्हणूं शकतें. इंटरनेटवर एकट्यानें पट काढणाराला अडविणारें कोणीच नाहीं. म्हणूनच त्याची सदसद्विवेकबुद्धि हीच त्याची संपादक झाली पाहिजे. शिवाय हा दुबळेपणा कायमचाहि नसतो. ढेकणांच्या खोलींतून निघालेला विल्सन पुढें एच. बी. ओ. च्या पैशानें पट काढूं लागला, आणि दुसऱ्या खंडाच्या आरंभीं तोच भाडेकरू घर विकत घेण्याच्या खटपटींत दिसूं लागला. त्याच्या उत्कर्षाचा आम्हांला आनंदच आहे. परंतु आवाज तोच अडखळता, तोच दीनवाणा राहिला. आणि पूर्वीं जो स्वभाव होता तो आतां वेष होण्याचा धोका उत्पन्न झाला. परिस्थिति बदलली तरी नम्रतेचा जुना सदरा अंगावरून न उतरविणें, हाहि एक प्रकारचा दिखाऊपणाच आहे.

हा सारा वाद न्यूयॉर्कच्या रस्त्यांवरचा आहे, आपल्याला त्याचें काय, असें कोणी म्हणूं नये. हे पट आज आपल्याच दिवाणखान्यांत, आपल्या मुलाबाळांसह पाहिले जातात, आणि पट काढण्याचें साधन तर घरोघरीं प्रत्येकाच्या खिशांत आहे. आपलीं मुलें त्यांत लवकरच तरबेज होतील, आणि व्हावींतहि. नवी कला अंगणांत आली असतां दार लावून बसणें शहाणपणाचें नाहीं. पण ज्या दिवशीं चिरंजीव आजीच्या बहिरेपणाचा, रखवालदाराच्या उच्चारांचा किंवा भाजीवालीच्या भांडणाचा पट काढून आणतील, आणि “त्यांत मी स्वतःलाहि हसलों आहें कीं!” म्हणून सांगतील, त्या दिवशीं त्यांची पाठ थोपटण्यापूर्वीं आईबापांनीं एवढेंच विचारावें: “हा पट तूं आजीला दाखविलास काय? आणि तो पाहून ती हसली काय?”